पडद्यामागची खोली

चवथ जवळ आली की इन्सुलीत घराघरात एकच विषय असतो : यंदा डेकोरेशन काय करायचं? माटवी बांधायचं काम मोठ्यांकडे. कवंडळं, शेरवडं, आंब्याचे टाळे कुठून आणायचे ते त्यांना पक्कं ठाऊक असतं. तरुण पोरांचं लक्ष मात्र गणपतीच्या मागच्या भिंतीकडे. पूर्वी ही भिंत गावातलाच कुणी हातचा चित्रकार रंगवून द्यायचा. आता बांद्याला नाहीतर सावंतवाडीला जाऊन फ्लेक्स छापून आणला जातो. कधी हिमालय, कधी धबधबा, कधी संगमरवरी खांबांचा राजवाडा. दोन्ही बाजूंना सॅटिनचे पडदे, वर एलईडीची माळ, की झाला मातीच्या घरातल्या खोलीचा महाल. फोटोत झक्कास दिसतो. दोन पावलं जवळ गेलं की कळतं, खांब सपाट आहे आणि त्याच्या सावलीचा खोलीतल्या उजेडाशी काही संबंध नाही.

या सपाट खांबाशी एका मराठी माणसाने अख्खं आयुष्य झटापट केली. गंमत म्हणजे असे खांब रंगवण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. पडद्यांनीच त्याला नाव दिलं आणि पुढे त्यानेच ते पडदे बाजूला सारले. त्याचं नाव बाबूराव पेंटर. सिनेमाच्या इतिहासात त्यांचं नाव पहिल्या पानांवर येतं, हे बऱ्याच जणांना माहीत असतं. पण आज त्यांची गोष्ट वेगळ्या बाजूने बघू. पडदा, भिंत, खिडकी आणि त्यातून येणारा उजेड यांच्या बाजूने.

मिस्त्रींच्या घरातला पोरगा

पेंटर हे त्यांचं खरं आडनाव नव्हे. खरं नाव बाबूराव कृष्णराव मिस्त्री. जन्म 3 जून 1890 चा, कोल्हापूरचा. घर कारागिरांचं, त्यामुळे हत्यारं, लाकूड, रंग हे सगळं लहानपणापासून हाताशी. बाबूराव कुठल्या आर्ट स्कूलमध्ये शिकले नाहीत. चित्र आणि शिल्प दोन्ही त्यांनी बघून बघून आणि करून करून आत्मसात केलं. सोबतीला होते चुलतभाऊ आनंदराव. दोघांची जोडी अशी जमली की लोक त्यांना पेंटर म्हणूनच ओळखू लागले आणि आडनाव मागे पडलं.

तो काळ संगीत नाटकांचा. शाहू महाराजांच्या कोल्हापुरात कलावंतांना मान होता, कामही होतं. नाटक कंपन्या गावोगाव फिरायच्या आणि नटांच्या गाण्याइतकीच चर्चा त्यांच्या पडद्यांची व्हायची. पडदा वर गेला, मागे राजाचा दरबार उभा दिसला की प्रेक्षक आधी त्या दरबारालाच टाळ्या द्यायचे. 1910 ते 1916 या काळात आनंदराव आणि बाबूराव यांचं नाव पश्चिम भारतातल्या आघाडीच्या पडदे रंगवणाऱ्यांमध्ये घेतलं जात होतं. मराठी कंपन्यांबरोबर गुजराती-पारशी नाटकांसाठीही त्यांनी पडदे केले.

आपल्याकडे दशावतार बघत मोठी झालेली मंडळी या गोष्टीकडे जरा वेगळ्या नजरेने बघतील. आपल्या जत्रेतल्या दशावताराला मागे एक साधा पडदा आणि पुढे एक बाकडं पुरतं. तेच बाकडं सिंहासन होतं, पलंग होतं, डोंगरही होतं. बाकीचं सगळं नट सांगतो आणि आपण मनात उभं करतो. संगीत नाटकाच्या पडद्याचा मार्ग नेमका उलटा. तो प्रेक्षकाच्या मनावर काही सोडत नाही, सगळं रंगवून दाखवतो.

कापडावरचा महाल

असा पडदा तयार करणं म्हणजे अंगमेहनतीचं काम. आधी जाडसर सुती कापडाचे पट्टे जोडून शिवायचे. शिवण अशी हवी की रंग दिल्यावर ती दिसता कामा नये. मग कापड ताणून त्यावर खळीचा नाहीतर सरसाचा हात द्यायचा, म्हणजे कापडाची छिद्रं बुजतात आणि रंग आत झिरपत नाही. त्यावर सरसात कालवलेले भुकटीचे रंग. हे रंग ओले असताना गडद दिसतात आणि वाळले की फिके पडतात. म्हणजे आज लावलेला रंग उद्या कसा दिसेल याचा अंदाज आधीच बांधावा लागतो. शेवटी पडदा गुंडाळता यावा म्हणून खाली बांबू किंवा लाकडी दांडा. इतकं करून तो पडदा बैलगाडीतून, आगगाडीतून गावोगाव हिंडणार. घडी पडली तर रंगाला चीर जाणार.

पण खरं कसब होतं ते खोली दाखवण्यात. सपाट कापडावर खांबांची रांग लहान लहान होत आत जाते, फरशीच्या रेषा एका बिंदूकडे धावतात आणि बघणाऱ्याला वाटतं, आत शंभर फुटांचा दिवाणखाना आहे. पडद्यावरच्या दिवाणखान्याला पडद्यावरच्याच खिडक्या आणि त्या खिडक्यांना पडद्यावरचेच झालरीचे पडदे. आज फ्लेक्सवर जे छापून येतं, त्याचं हे हाताने केलेलं रूप. आनंदराव-बाबूराव यात इतके तयार होते की याच कामावर दोघांनाही आयुष्यभर पुरेल एवढं नाव आणि पैसा मिळाला असता.

कॅमेऱ्याने पकडलेली लबाडी

1913 मध्ये दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला. दोघं भाऊ सिनेमाने झपाटले. सुरुवातीला त्यांनी सिनेमा दाखवण्याचा धंदा केला, पण डोक्यात होता तो सिनेमा तयार करण्याचा विचार. त्यासाठी कॅमेरा हवा. परदेशी कॅमेरा परवडणारा नव्हता. मग मिस्त्रींच्या घरात शोभेल असाच निर्णय झाला : कॅमेरा आपणच बनवायचा.

ते काम अर्ध्यावर असतानाच 1916 मध्ये आनंदराव गेले. बाबूराव तेव्हा सव्वीस वर्षांचे होते. पडदे रंगवण्यातला जोडीदार गेला, कॅमेऱ्याच्या खटाटोपातला मेंदूही गेला. बाबूराव तिथेच थांबले असते तर कुणी नाव ठेवलं नसतं. पडद्यांची कामं हातात होतीच. पण त्यांनी विष्णुपंत दामले या आपल्या शिष्याला सोबत घेतलं, यंत्राचे भाग घडवत राहिले आणि 1918 मध्ये चालणारा कॅमेरा तयार झाला. कंपनीसाठी पैसा उभा केला तो गायिका तानीबाई कागलकर यांनी. एका गाणाऱ्या बाईच्या पैशावर आणि घरात बनवलेल्या कॅमेऱ्यावर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली.

आता एक अडचण आली आणि ती बाबूरावांना इतर कुणाहीपेक्षा जास्त लवकर कळली असणार. नाटकाच्या थिएटरात प्रेक्षक लांब बसलेला असतो, एकाच जागेवरून बघतो. रंगवलेला पडदा त्या जागेसाठीच बेतलेला असतो. कॅमेरा तसा गुमान एका जागी बसत नाही. तो जवळ जातो, बाजूला सरकतो. बाजूला सरकला की पडद्यावरची खोली मोडते, कारण त्या रेषा फक्त समोरूनच जुळतात. नट पडद्याजवळ गेला की मागच्या दारापेक्षा तोच उंच दिसतो. नटाची सावली एका दिशेला पडते, रंगवलेल्या खांबाची दुसऱ्या दिशेला. आणि वाऱ्याची झुळूक आली तर अख्खा राजवाडा हलतो!

म्हणून बाबूरावांनी सिनेमासाठी रंगीत पडद्यांचा रस्ता सोडला आणि खऱ्याखुऱ्या, खोली असलेल्या जागा उभारायला घेतल्या. माणूस ज्यातून चालत जाऊ शकेल असं दार. हात ठेवता येईल अशी खिडकी. मागे भिंत, बाजूला भिंत, मध्ये मोकळी जागा. आज आपण सेट म्हणतो ते हेच. भारतीय सिनेमात रंगवलेल्या पडद्यापासून राहत्या वाटणाऱ्या जागेपर्यंतचा हा बदल घडवणाऱ्यांत बाबूरावांचं नाव पहिलं घेतलं जातं. ज्या कलेत आपला हातखंडा, तीच कला नव्या कामात खोटी पडतेय हे मान्य करायला धैर्य लागतं. स्वतः पडदे रंगवणारा नसता तर कदाचित त्यांना ते इतकं स्पष्ट दिसलंही नसतं.

1920 मध्ये 'सैरंध्री' आला. बायकांच्या भूमिका बायकांनीच केल्या, तेव्हा ही गोष्ट साधी नव्हती. कीचकवधाचा प्रसंग इतका खरा वाटला की सेन्सॉरने त्यावर कात्री चालवली. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना सिनेमा केसरी ही पदवी दिली.

पडद्याचं दुसरं काम

त्या काळात मूकपटांचं चित्रण व्हायचं ते उन्हात. खोली दाखवायची तरी तिला छप्पर नसायचं, कारण छप्पर घातलं की अंधार. वरून थेट ऊन आलं की चेहऱ्यावर डोळ्यांच्या जागी काळे खड्डे दिसतात. म्हणून वर पांढरं कापड ताणायचे. ऊन त्यातून गाळून, मऊ होऊन खाली यायचं. ढग आला की काम थांबलं, ढग गेला की पुन्हा सुरू.

म्हणजे बघा, पडदा गेला नाही, त्याचं काम बदललं. आधी पडदा चित्र दाखवायचा, आता तो उजेडाला वळण लावू लागला. 1923 च्या 'सिंहगड'मध्ये बाबूराव आणखी पुढे गेले आणि कृत्रिम दिवे लावून चित्रण केलं. आता उजेड कुठून यावा, किती यावा, कोणत्या कोपऱ्यात अंधार राहावा, हे ठरवणं हातात आलं. प्रत्येक चित्रपटाआधी ते वेशभूषा, पात्रं, हालचाली यांची रेखाटनं करायचे. चित्रपटाची पोस्टर्सही स्वतः रंगवायचे. 1924 च्या 'कल्याण खजिना'चं त्यांचं पोस्टर आज टिकून असलेल्या सर्वात जुन्या भारतीय सिनेपोस्टरांमध्ये गणलं जातं. रंगवण्याची हौस त्यांनी सोडली नव्हती. फक्त रंगवलेलं चित्र कुठे लावायचं आणि कुठे नाही, हे त्यांना कळलं होतं.

एक झोपडी, जी चालली नाही

बाबूरावांचं सगळ्यात धाडसी काम 1925 चं. 'सावकारी पाश'. कथा नारायण हरी आपटे यांची. गरीब शेतकरी सावकाराच्या कर्जात अडकतो, खोट्या कागदापायी जमीन गमावतो आणि शहरात गिरणीकामगार होतो. शेतकऱ्याच्या भूमिकेत होते तरुण व्ही. शांताराम.

आतापर्यंत पडद्यावर काय दिसायचं? देवांचे महाल, राजांचे दरबार. बाबूरावांनी इथे दाखवली एक झोपडी. ना खांब, ना झालर, ना झुंबर. रात्रीची वेळ, मिणमिणता उजेड आणि बाहेर केकाटणारं एक कुत्रं. हा प्रसंग बघितलेल्यांनी पुढे कित्येक वर्षं त्याची आठवण काढली. आवाज नसलेल्या सिनेमात त्यांना कुत्र्याचं केकाटणं जाणवलं होतं, यावरून त्या खोलीची ताकद लक्षात यावी. राजवाडे रंगवून नावारूपाला आलेल्या माणसाने गरिबाची रिकामी खोली दाखवली आणि त्या रिकामेपणात सगळी कथा मावली. जाणकार आजही 'सावकारी पाश'कडे भारतीय वास्तववादी सिनेमाची सुरुवात म्हणून बघतात.

पण चित्रपट चालला नाही. लोक तिकीट काढून येत होते ते महाल बघायला. झोपडी त्यांच्या घरीच होती. बाबूरावांना पुन्हा पौराणिक-ऐतिहासिक चित्रपटांकडे वळावं लागलं. तो मूकपट आज बघायला मिळत नाही, त्या काळातल्या बहुतेक फिल्म्सप्रमाणे तोही हरवला. 1936 मध्ये बाबूरावांनी तीच कथा पुन्हा घेऊन बोलपट केला. दहा-अकरा वर्षांनीसुद्धा ती झोपडी त्यांच्या डोक्यातून गेली नव्हती.

माणसं निघून गेली तेव्हा

1929 मध्ये कंपनीला मोठा धक्का बसला. शांताराम, दामले, फत्तेलाल आणि धायबर बाहेर पडले आणि सीताराम कुलकर्णी यांच्यासह त्यांनी प्रभात फिल्म कंपनी काढली. बाबूरावांनी घडवलेली जवळजवळ सगळी मुख्य माणसं एकदम गेली. थोड्याच काळात महाराष्ट्र फिल्म कंपनी बंद पडली. बोलपट आले, जग बदललं. बाबूरावांनी 'उषा', 'प्रतिभा' असे काही चित्रपट केले, पण आपली कंपनी पुन्हा उभी राहिली नाही. ते जास्त रमले ते चित्रं आणि शिल्पांमध्ये, कोल्हापुरातच. 1947 मध्ये 'लोकशाहीर रामजोशी' आला, दिग्दर्शनात शांतारामांबरोबर बाबूरावांचंही नाव होतं. शिष्य मोठा झाला होता आणि गुरू त्याच्या कंपनीत काम करत होता. याबद्दल हळहळायचं की समाधान मानायचं, हे ज्याने त्याने ठरवावं. 16 जानेवारी 1954 रोजी बाबूराव गेले.

त्यांची शिकवण मात्र कुठे गेली ते आजही बघता येतं. दामले-फत्तेलाल यांचा 1936 चा 'संत तुकाराम' मोबाईलवरही सापडतो. 1937 मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला होता. तो बघताना गाण्यांबरोबर तुकोबांच्या घराकडेही लक्ष द्या. त्या घरात कुणीतरी राहतं, चूल पेटते, भांडणं होतात, हे भिंतींवरून कळतं. ते बाबूरावांच्या तालमीतल्या माणसांचं काम आहे.

आता आपल्या खोलीकडे वळू

आपल्यापैकी बऱ्याच जणांना स्वतःची खोली सजवायची असते. वर्षभर पैसे साठवून कुणी पडदे घेतं, कुणी आईच्या जुन्या साडीचे शिवतं, कुणी रील बघून भिंतीवर विटांचा कागद चिकटवतं. बाबूरावांच्या आयुष्यातून यासाठी थेट उपयोगी पडतील अशा काही गोष्टी उचलता येतात.

पहिली, कापड घेण्याआधी उजेड बघा. सकाळी कोणत्या खिडकीतून ऊन येतं, संध्याकाळी कोणत्या. पश्चिमेच्या खिडकीला जाड पडदा लागतो, उत्तरेच्या खिडकीला तो लावला तर दिवसाही दिवा लावायची पाळी येते. पांढरा किंवा फिकट सुती पडदा ऊन अडवत नाही, ते मऊ करतो. मूकपटाच्या सेटवर वर ताणलेलं कापड हेच करायचं.

दुसरी, आपल्याकडे काय आहे ते विसरू नका. पावसाची झोड अडवायला पडवीला झावळ्यांची झड बांधायची रीत आपल्या कोकणातलीच. ती वारा येऊ देते आणि पाणी अडवते. शहरातल्या दुकानात बांबूच्या पट्ट्यांचे गुंडाळायचे पडदे महागात मिळतात, त्यांची ही गावाकडची भावंडं. मे महिन्यात उन्हाच्या बाजूला अशी एखादी झड लावून बघा, खोलीत लगेच फरक जाणवतो.

तिसरी, शिवताना हिशेब नीट करा. सुती कापड आधी भिजवून, वाळवून मगच कापा, नाहीतर पहिल्या धुण्यात पडदा आखडतो आणि खिडकीची खालची चौकट उघडी पडते. चुण्या चांगल्या पडायला खिडकीच्या रुंदीच्या दीडपट ते दुप्पट कापड धरा. खालची दुमड चार बोटं तरी ठेवा, वजनामुळे पडदा सरळ लोंबतो. दमट हवेत सॅटिनपेक्षा सुती कापड धुवायला आणि वाळवायला सोपं.

आणि शेवटची. खोलीत कोण राहतं ते खोलीवरून कळू द्या. फ्लेक्सवरच्या संगमरवरी खांबात काही गैर नाही, सणाचे चार दिवस हौस म्हणून तो शोभतोही. पण वर्षभराच्या खोलीत अभ्यासाचं टेबल, आजीचं गोधडीचं गाठोडं, सावंतवाडीचं एखादं रंगीत लाकडी खेळणं, भिंतीवर स्वतः काढलेलं चित्र असेल तर त्या खोलीला खोली असते. गरिबीची लाज वाटून ती पडद्याने झाकायची गरज नाही. राजवाडे रंगवणाऱ्या माणसाने आपलं सगळ्यात मोठं काम एका झोपडीत केलं होतं.

कधी आंबोली घाट चढून, आजऱ्यावरून कोल्हापूरला जाणं झालंच, तर महालक्ष्मीचं दर्शन आणि मिसळ आटोपल्यावर खरी कॉर्नरला एक चक्कर मारा. आनंदराव आणि बाबूराव पेंटर यांच्या आठवणीसाठी तिथे कॅमेऱ्याचं स्मारक उभं आहे. गाड्यांच्या गर्दीत ते पटकन नजरेत भरत नाही. थांबून, मान वर करून बघावं लागतं.